एकशे ऐंशी नंबरचा सूट

माझ्या वडिलांवर, म्हणजे उटनूरच्या पुढे जंगलातल्या एका आश्रमशाळेच्या मुख्याध्यापकांवर, गेल्या डिसेंबरातल्या दुसऱ्या रविवारी सकाळी साडेअकरा वाजता, आदिलाबादच्या एका कापड दुकानात, भर गिऱ्हाइकांसमोर अन्याय झाला. साक्षीदार पुष्कळ आहेत. अन्याय करणारी व्यक्ती अजून मोकाट आहे आणि सध्या हे लिहीत बसली आहे.

मी पत्रकं लिहिते. वसतिगृहाच्या डाळीत डाळ का दिसत नाही यावर लिहिलं. शिष्यवृत्तीचे पैसे परीक्षा संपल्यावर का येतात यावर लिहिलं. कापूस बाजारात 'ओल आहे' असं सांगून शेतकऱ्याचा माल खालच्या नंबरात ढकलतात, त्यावरचं माझं पत्रक तर दोन भाषांत निघालं (तेलुगूतल्या चुका प्रेसवाल्याच्या, मराठीतल्या माझ्या). या कामानं माणसाला एक सवय लागते. जाईल तिथं कुणीतरी कुणाला तरी खाली ढकलताना दिसायला लागतं. बहुतेक वेळा ते खरं निघतं, म्हणूनच ती सवय सुटत नाही.

तर बाबा जानेवारीच्या शेवटी निवृत्त होणार होते आणि त्यांना सूट शिवायचा होता.

आदिलाबादला लागून मावला नावाचं आमचं गाव आहे; तिथल्या घरात देव नाहीत, दोन फोटो आहेत. एकाच्या अंगावर चीवर आहे, दुसऱ्याच्या अंगावर निळा सूट. त्या निळ्या सुटाखाली बसून मी बाराखडी शिकले. आमच्यात सुटाकडं कुणी नुसतं कपडा म्हणून बघत नाही. ज्यांच्या आज्यानं अंगभर धड कपडा घातला तरी गावात डोळे वटारले जायचे, त्यांच्या घरातला सूट आहे तो. पण बाबांकडं स्वतःचा सूट कधीच नव्हता. दरवर्षी एप्रिलात जयंतीच्या मिरवणुकीला ते शाळेच्या क्लार्कचा कोट मागून आणायचे. क्लार्कचे हात आखूड. त्यामुळं दरवर्षीच्या फोटोत बाबा कोणाच्या तरी ताटातली पोळी उचलायला निघाल्यासारखे दिसतात.

"आता मले माह्या मापाचा पायजे," बाबा म्हणाले. एवढीच त्यांची मागणी होती. ती लावून धरायला आम्ही चौघं निघालो: बाबा, आई, मी आणि उत्तमकाका.

उत्तमकाका म्हणजे बाबांचे धाकटे भाऊ. कापूस पिकवतात. कापसाशिवाय जगात दुसरा धागा आहे हे त्यांना ऐकून माहीत आहे. बाजारात कापूस तपासायची एक रीत असते. व्यापारी गाडीत कोपरापर्यंत हात घालतो, आतून पुंजका काढतो, दोन्ही अंगठ्यांत धरून हळूच ओढतो आणि धाग्याची लांबी बघतो. मग तोंड वाकडं करतो. (तोंड वाकडं करणं हा तपासणीचा भाग आहे. ते माल बघण्याच्या आधीच सुरू होतं.) काका जन्मभर ते वाकडं तोंड बघत आलेले. रिक्षात बसता बसताच म्हणाले, "आपल्या मालाले सदा त्यायनं नंबर लावला. आज आपून लावू."

मला हे वाक्य इतकं आवडलं की मी ते तिथंच फोनवर टिपून घेतलं.

दुकानात शेटजींनी गाद्यांवर बसवलं, पाणी दिलं, चहा सांगितला. बाबांना वरपासून खालपर्यंत एकदा बघितलं, "गुरुजी ना?" म्हणून विचारलं आणि एक निळं कापड समोर पसरलं. काठावर छापलं होतं, सुपर हंड्रेड.

"गुरुजी के लिए ये सौ नंबर एकदम सही है," शेटजी म्हणाले. "असली ऊन है." म्हणजे अस्सल लोकर.

बाबांनी कापडावर हात ठेवला. आवडलं त्यांना. चेहऱ्यावरच दिसत होतं. मुलांच्या पेपरात एखादं उत्तर अनपेक्षित बरोबर आलं की ते असाच चेहरा करतात.

माझी नजर मात्र मागच्या काचेच्या कपाटावर होती. तिथं एकशे वीस होतं, दीडशे होतं आणि अगदी वर, प्लास्टिकच्या पिशवीत, आंघोळ करून बसल्यासारखं एकशे ऐंशी होतं.

"आणि ते वरचं?" मी विचारलं.

"वो आप के काम का नहीं है, बेटा."

झालं. हे वाक्य मी आयुष्यात फार ठिकाणी ऐकलंय. प्रवेशाच्या खिडकीवर ऐकलंय, भाड्याची खोली बघताना ऐकलंय. माझ्या डोळ्यांपुढं एकदम कापसाच्या गाड्या उभ्या राहिल्या.

"आमच्या कामाचं काऊन नाही?" मी उठून उभी राहिले. "समोरच्या माणसाकडं बघून नंबर ठरवता का तुम्ही? शंभर आमच्यासाठी आणि एकशे ऐंशी कोणासाठी?"

"बेटा, सुनो तो. नंबर मतलब ऊन कितनी बारीक है. जितना बडा नंबर, उतना..."

"उतना अच्छा," मी म्हणाले.

"उतना बारीक."

"तेच ते."

"पोरीचं बराबर हाये," काका म्हणाले. "आकडा मोठा तं धागा लांब. धागा लांब तं माल पक्का. हे मले कोणी शिकवाची गरज नाई."

(इथं वाचकांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. कापसात आकडा मोठा म्हणजे धागा लांब आणि भाव चांगला, हे आमच्या घरात तान्ह्या पोरालाही कळतं. लोकर मेंढीच्या अंगावर उगवते आणि तिचा आकडा वेगळंच काहीतरी सांगतो, हे आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात आलं नाही. मेंढी आमच्यात फक्त रस्त्यात आडवी येते.)

शेटजींनी नाइलाजानं एकशे ऐंशी खाली काढलं. काकांनी पिशवीत कोपरापर्यंत हात घातला. शेटजी "काकाजी, काकाजी" म्हणेस्तोवर त्यांनी काठाजवळून दोन धागे उपसले, अंगठ्यांत धरले, ओढले आणि निकाल दिला.

"ओल नाई."

"ओल कैसे रहेगी? कपडा है," शेटजी म्हणाले.

"तुमच्या लोकायले आमच्या मालात बरी दिसते."

दुकानात लग्नाची खरेदी करायला आलेली एक मोठी मंडळी होती. त्यांनी साड्या बघणं सोडून आमच्याकडं तोंडं फिरवली. समोर माणसं दिसली की मला थांबता येत नाही. मी प्रतवारी या विषयावर बोलले. माणसाची प्रतवारी, मालाची प्रतवारी, कापडाची प्रतवारी. मध्ये बाबा दोनदा म्हणाले, "क्रांती, ऐक, मले रोज..." क्रांती हे माझं नाव. त्यांनीच ठेवलंय, त्यामुळं तक्रार करायला त्यांना जागा नाही.

"बाबा, तुमी मधात बोलू नोका," मी म्हणाले. "मी तुमच्याचसाठी बोलून राह्यली."

नवरीच्या मावशीनं टाळ्या वाजवल्या. शेटजींनी मुकाट्यानं कात्री उचलली. बाबांचा हात अजून त्या शंभर नंबरवरच होता. आईनं तो हळूच उचलून त्यांच्या मांडीवर ठेवला.

आमच्या गल्लीतल्या चाचांकडं शिवायला दिलं. चाचा शाळेचे गणवेश शिवतात. घोंगडं आणि ताडपत्री सोडून त्यांच्या मशीननं सगळं बघितलंय, असं ते सांगतात. एकशे ऐंशी बघून त्यांनी साबणानं हात धुतले, पंखा बंद केला, नवीन सुई आणवली आणि तरीही कापड मशीनखालून पळायला लागलं तेव्हा मुलाला समोर धरायला बसवलं. सूट झाला. सुंदरच झाला. बाबा त्यात उभे राहिले तर कापड अंगावरून पाण्यासारखं खाली आलं. आईचे डोळे भरले. चाचांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "बेटी, आदमी को इस में हिलने मत देना."

मी हसले. चाचा हसले नाहीत.

घरी आल्यावर मी फोनवर वाचायला बसले. मी सगळ्या विषयांचा अभ्यास करते, फक्त भांडणानंतर करते. वाचलं की भारी लोकरीला लाकडी हँगर लागतो. उन्हात ठेवलेलं चालत नाही. धुवायचं नाही. एकदा घातली की पुढचा दिवसभर तिला आराम द्यायचा. कसर लागू नये म्हणून कपाट कोरडं ठेवायचं. मी हे एकेक मोठ्यानं वाचत होते आणि आई ऐकत होती.

"आराम?" आई म्हणाली. "कोणाले?"

"सुटाला."

"मले तीस वर्सात कोणी सांगतलं नाई का घातल्यावर आराम कर."

तरी तिनं स्टीलचं कपाट रिकामं केलं. तिच्या साड्या पेटीत गेल्या, पेटीतली भांडी माळ्यावर गेली आणि माळ्यावरची माझी जुनी पत्रकं गच्चीवर गेली. (तिथून ती वाऱ्यानं मावलाभर गेली. माझ्या पत्रकांचं एवढं वाटप एरवी कधी झालं नव्हतं.) सुटाच्या खोलीत फोडणीचा वास जायला नको, म्हणून स्वयंपाकघराचं दार बंद. शेजारच्या मावशी साखर मागायला आल्या तर आईनं त्यांना पाय धुवायला लावले. उत्तमकाका रोज संध्याकाळी येऊन, गाभण गाईला बघावं तसं सुटाला बघून जायचे. बाबा विचारायचे, "घालून पाहू का थोडा?" आणि आम्ही तिघं एका सुरात "नाई" म्हणायचो.

निरोपाचा दिवस उजाडला. उजाडला म्हणजे फक्त तांत्रिकदृष्ट्या. धुक्यात काही दिसत नव्हतं. आदिलाबादची थंडी ज्यांनी बघितली नाही त्यांना तेलंगणात थंडी असते हे पटत नाही, आणि ज्यांनी बघितली त्यांचे दात वाजत असल्यामुळं त्यांना ते सांगता येत नाही. काकांनी ओळखीची जीप आणली होती. तिची एक काच वर जात नव्हती. नेमकी बाबांच्या बाजूची.

मावला सुटायच्या आत बाबा कुडकुडायला लागले.

"अजी, लोकर हाये ना अंगावर?" आईनं विचारलं.

"हाये."

"मंग थंडी काऊन वाजून राह्यली?"

बाबांनी माझ्याकडं बघितलं. मी म्हणाले, "आई, ही फार बारीक लोकर आहे."

"मंग जाड घ्याची होती," आई म्हणाली.

कोटाच्या आत स्वेटर मावेना, कारण चाचांनी कोट अंगाबरोबर शिवला होता. म्हणून स्वेटर कोटावरून चढवला. त्यावर आईची शाल. त्यावर काकांनी जीपच्या सीटखालून काढलेलं गोणपाट. (आई किंचाळायच्या बेतात होती, पण गोणपाट सुटाला लागत नव्हतं, स्वेटरला लागत होतं. तेवढा विचार आम्ही केला होता.) जिल्ह्यातल्या सगळ्यात उंची नंबरची लोकर अंगावर घेऊन माझे वडील गोणपाटात गुंडाळून उटनूरच्या घाटातून गेले. बाबांनी नुसतं गोणपाट गळ्यापर्यंत ओढून घेतलं. मला ते फार लागलं.

शाळेच्या फाटकाशी आम्ही त्यांना सोलून काढलं. मैदानात मांडव होता, पताका होत्या, पोरं रांगेत बसलेली. आजूबाजूच्या पाड्यांवरून त्यांचे आईबाप आले होते. बाबांच्या हाताखाली शिकून आता स्वतः मास्तर झालेले दोघं पार बेल्लमपल्लीहून आले होते. बाबा सुटात मांडवाखाली आले आणि सगळं मैदान एकदम त्यांच्याकडं वळलं. तेवढा एक क्षण मला माझ्या भाषणाचा, एकशे ऐंशीचा आणि स्वतःचा फार अभिमान वाटला.

मग मी स्टेजवरचा बाक बघितला.

आश्रमशाळेचा बाक. वर खिळे, खाली खिळे, मध्ये चिरलेली फळी आणि त्या फळीत पोरांनी कर्कटकानं कोरलेली आपापली नावं. मी धावत जाऊन बाबांच्या कानात म्हणाले, "बसू नोका."

"काऊन?"

"खिळे आहेत. सूट ओढल्या जाईल."

"मंग कुठं बसू?"

"बसूच नोका."

बाबा उभे राहिले. ते मुख्याध्यापक, ते उभे म्हणून शिक्षक उभे राहिले. शिक्षक उभे बघून पोरं उठली. पोरं उठली म्हणून त्यांचे आईबाप उठले. शेवटी पाहुणे म्हणून आलेले साहेबही उठले. ते गुडघ्याला पट्टा बांधून आले होते आणि नुकतेच कुठं दोन माणसांच्या आधारानं खुर्चीत बसले होते. सूत्रसंचालन करणाऱ्या मास्तरांना वाटलं की कुणीतरी वारलंय आणि आपल्याला सांगितलेलं नाही. त्यांनी मान खाली घातली. सगळ्यांनी घातली. अशी थोडी शांतता झाल्यावर कुणीतरी खोकलं आणि कार्यक्रम सुरू झाला.

अख्खा कार्यक्रम उभ्यानं झाला. स्वागत उभ्यानं, गाणं उभ्यानं, मराठीतलं भाषण, तेलुगूतलं भाषण, गोंडीतलं भाषण, सगळं उभ्यानं. एक शिक्षक गहिवरून म्हणाले, "सारांनी नोकरीभर विद्यार्थी उभा असताना स्वतः बसणं मान्य केलं नाही. आज शेवटच्या दिवशीही बघा." टाळ्या पडल्या. बाबा मान हलवून 'तसं नाही' म्हणत होते. लोकांना तो विनय वाटला. हार आणले तर मी मध्ये पडून ते हातात घ्यायला लावले, कारण झेंडूचा डाग लोकरीवरून जात नाही. पोरी पाया पडायला वाकल्या तर आईनं त्यांना पँटीपासून वीतभर लांबून वाकवलं. साहेबांचे गुडघे थरथरताना मला लांबून दिसत होते. त्यांनी भाषणात फक्त "सर महान आहेत" एवढंच म्हटलं आणि माइकच्या दांड्याला धरून राहिले.

शेवटी स्वयंपाकीणबाई चहा घेऊन आल्या. गोंड बाई, बाबांच्या आधीपासून त्या शाळेत. त्यांनी उभ्या मैदानाकडं एकदा बघितलं, बाबांच्या पायाकडं बघितलं आणि सरळ तेलुगूत म्हणाल्या, "कूर्चोंडी, सार्." बसा. मग माझ्याकडं वळून जेवढं मराठी येत होतं तेवढं सगळं वापरलं: "तू बी बस. सगळे बसा. चहा थंडा होते."

सगळं मैदान एकदम खाली बसलं. साहेब तर जवळजवळ पडलेच. फक्त बाबा माझ्याकडं बघत उभे. मला एक तोडगा सुचला. मैदानाच्या कडेला मोहाचं मोठं झाड होतं, त्याखाली गवत वाळून मऊ पिवळं झालेलं. "बाबा, तिथं चला," मी म्हणाले. "तिथं खिळे नाहीत. फोटो पण छान येईल."

जंगलपट्टीतलं जानेवारीचं वाळलेलं गवत म्हणजे काय असतं हे मावल्यात वाढलेल्या मुलीला माहीत नसावं, ही माझ्या शिक्षणातली उणीव आहे. त्याला कुसळं असतात. एका टोकाला बाण, दुसऱ्या टोकाला शेपूट. ती जाड कापडाला वरवर लागतात आणि झटकली की जातात. एकशे ऐंशी नंबरला लागली की आपलं घर सापडल्यासारखी आत शिरतात.

बाबा फोटो काढून परत आले तेव्हा गुडघ्यापर्यंत साळिंदरासारखे झाले होते.

"कोणी हात लावू नोका," मी ओरडले. पण तोवर उशीर झाला होता. कुसळं काढणं हे त्या शाळेतल्या पोरांचं रोजचंच काम. ती रोज एकमेकांची काढतात. सारांना कुसळं लागलेली बघून सगळी शाळा धावली. बाबा मांडवाच्या खांबाला टेकून खाली जमिनीवर बसले आणि पोरं त्यांच्याभोवती कोंडाळं करून कामाला लागली. लहान बोटं, भलताच जिव्हाळा. प्रत्येक कुसळाबरोबर एक धागा बाहेर येत होता. पोरं धागा बघून लाजायची आणि तो परत आत ढकलायची. एक पोरगी तर प्रत्येक धाग्याला नीट गाठ मारत होती, सुटू नये म्हणून.

उत्तमकाकांना राहवलं नाही. त्यांनी एक लोंबता धागा घेतला, अंगठ्यांत धरून ओढला आणि समाधानानं म्हणाले, "माल चांगला हाये, भाऊ."

मी पोरांना थांबवायला पुढं निघाले. आईनं मनगट धरलं.

"बसू दे. आता काय राह्यलं त्यात?"

मग मी बघितलं. बाबा पोरांशी गोंडीत काहीतरी बोलत होते. एक पोरगं त्यांच्या मांडीवर डोकं ठेवून पँटीच्या मोहरीतलं कुसळ शोधत होतं. त्या निळ्या मांडीवर. आणि बाबा पोट धरून हसत होते. सकाळपासून पहिल्यांदा त्यांच्या अंगात ऊब आली असावी.

परत येताना जीपमध्ये मी माफीची वाक्यं जुळवत होते. पत्रकाच्या भाषेत माफी नीट बसत नाही, 'निषेध' हाच शब्द सारखा येतो. शेवटी बाबाच बोलले.

"आपल्या भिंतीवरच्या फोटोतले, ते काई फोटोपुरता सूट घालत होते का गं?"

"नाही."

"रोज घालत. कोर्टात घालत, सभेत घालत, लिवाले बसले तरी घालत. मले तसा पायजे होता. रोजचा. दुकानात मी तेच सांगून राह्यलो होतो."

मी त्यांचं सगळं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. त्या दिवसाची नोंद ठेवावी, असं काकांनी नंतर सुचवलं.

आता मी अभ्यास केलेला असल्यामुळं नीट सांगते, म्हणजे निदान तुमच्या घरात गोणपाटाची वेळ येणार नाही. तो आकडा लोकरीच्या केसाच्या बारीकपणाचा. आकडा मोठा, केस बारीक. कापड मऊ, झुळझुळीत, पण नाजूक. शंभर-एकशेदहाची लोकर म्हणजे रोजच्या माणसाची: बसा, उठा, बसमधून जा, रात्री टांगून ठेवा, सकाळी चुण्या बऱ्याचशा उतरलेल्या असतात. एकशे वीस-तीस थोडी जपून वापरणाऱ्याची. दीडशेच्या पुढं ज्यांच्यासाठी दार दुसरं कुणी उघडतं त्यांची. उबेचा या आकड्याशी संबंध नाही. ऊब हवी तर कापडाचं वजन आणि विणीचा दाटपणा विचारायचा. आणि निव्वळ पॉलिस्टरच्या काठावरही हे आकडे छापलेले असतात. तिथं त्यांचा अर्थ शून्य असतो, पण झळकतात छान. यातला बराचसा भाग शेटजी मला सांगतच होते. 'आप के काम का नहीं' याचा अर्थ 'गुरुजी, तुम्हाला रोज बसावं लागतं' असा होता. प्रतवारीविरुद्धची माझी मतं अजून तीच आहेत. फक्त त्या दिवशी खालचा नंबर कुणी कुणाला लावला नव्हता. वरचा मी लादला होता.

सुटाचं पुढं असं झालं की तो बिघडल्यामुळं सुटला. आईनं कपाट परत घेतलं, साड्या परत आल्या. दुसऱ्याच दिवशी बाबांनी तो गाठी मारलेला, कुसळलेला सूट घातला आणि भाजी आणायला गेले.

"सार्, कुठं निघाले एवढे नटून?" रस्त्यात कुणी तरी विचारलं.

"वांगे आणाले," बाबा म्हणाले.

मग रोज घातला. निवृत्तीनंतर मावल्यात त्यांनी पोरांसाठी वाचनखोली काढली, तिथं घातला. ओट्यावर बसले, पायरीवर बसले, पोरांच्या चटईवर बसले, सायकल सुटात दुरुस्त केली. थंडी सरायच्या आत गुडघे चकाकायला लागले, होळीला कोपर विरले आणि एप्रिलात, बरोबर मिरवणुकीच्या तोंडावर, बसायची जागा पारदर्शक झाली. तरी ते मिरवणुकीत गेले. फक्त सगळ्यात शेवटी आणि भिंतीच्या कडेकडेनं चालले.

त्यानंतर आम्ही परत त्याच दुकानात गेलो. मी तयारीनिशी गेले होते. वीण, वजन, पीळ, सगळं पाठ. यावेळी शेटजींना मी असे प्रश्न विचारणार होते की त्यांनी गादी सोडून उठावं. पायरीवरच बाबा थांबले. समोर चहाची टपरी होती, तिच्यापुढं बाक.

"तू इथं बस," बाबा म्हणाले.

"पण बाबा, मी वाचलंय सगळं."

"तेच म्हणून राह्यलो. इथं बस."

आई आणि काका आत गेले. (काकांना हात खिशात ठेवायच्या अटीवर आत घेतलं.) काचेतून मला दिसत होतं: शेटजींनी तेच शंभर नंबरचं निळं कापड पसरलं, बाबांनी त्यावर हात ठेवला, तोच चेहरा केला आणि स्वतः काहीतरी म्हणाले. शेटजींनी ऐकलं. एवढ्या वेळात मध्ये कुणीच बोललं नाही. मी तिथं नव्हते, त्यामुळं सगळं लवकर आटोपलं.

म्हणून ही जाहीर मागणी, आणि ती तुमच्याकडं आहे. सूट घ्यायला जाल तेव्हा ज्याच्या अंगावर तो चढणार आहे त्याला आधी विचारा, की तू हा घालून बसणार कुठं आहेस? आणि त्याचं उत्तर संपेपर्यंत थांबा. तुमच्यासोबत त्याच्या वतीनं बोलणारं कुणी आलं असेल, त्याचा हेतू कितीही शुद्ध असो, आवाज कितीही मोठा असो, तर त्याला समोरच्या टपरीवर पाठवा. बाकावर जागा आहे. मी सरकून बसते.